मुके होत चाललेले अरण्य

रविवार, २९ सप्टेंबर

निवृत्तीनंतर माणूस एकतर बागकाम करतो किंवा इतरांच्या चुका काढतो. बागकामाची मला आवड नाही. म्हणून शौकतचा प्रस्ताव मी आज स्वीकारला आणि त्याबरोबर ही दैनंदिनीही सुरू केली. ज्या कामाची जबाबदारी आपण घेतो, त्याची लेखी साक्ष आपल्याजवळ असावी.

शौकत माझा जुना विद्यार्थी. प्राणिशास्त्रात कसाबसा उत्तीर्ण झाला आणि आज त्याच्या दोन ट्रॅव्हलर गाड्या आहेत. शहरातील नोकरदारांना रविवारी गौताळा अभयारण्यात न्यायचे, दिवसभर डोंगरातून हिंडवायचे आणि संध्याकाळी परत आणायचे, अशी त्याची योजना. बरोबर जाणकार म्हणून त्याला मी हवा आहे.

"सर, तुम्ही फक्त चालायचं आणि बोलायचं. डिझेल, नाश्ता, बुकिंग सगळं माझ्याकडं," तो म्हणाला. "तुमची रील टाकली ना, गाडी आधीच फुल्ल होते बघा."

'रील' या शब्दाचा मला तिटकारा आहे. परंतु पक्ष्यांच्या आवाजावर डॉक्टरेट मिळवलेला माणूस त्याला या शहरात दुसरा मिळणार नाही, हेही खरे. मी माझ्या अटी घातल्या. भडक कपडे चालणार नाहीत. पानांत मिसळेल असा हिरवा किंवा मातकट रंगच हवा. अत्तर वर्ज्य. रांगेत सर्वांत पुढे वाटाड्या, सर्वांत मागे मी. प्रत्येकाच्या गळ्यात धातूची शिट्टी. कोणी मागे राहिले, तर त्याने जागा सोडायची नाही. जिथे आहे तिथेच बसून शिट्टी वाजवत राहायचे. मी येईन. माणसे हरवल्यामुळे मरत नाहीत, हरवल्यावर चालत राहिल्यामुळे मरतात. हे माझे वाक्य शौकतने लगेच मोबाइलमध्ये टिपून घेतले.

जमिलाला ही कल्पना रुचलेली नाही. माझी पत्नी उर्दू शाळेत मुख्याध्यापिका होती, तरी घरात दखनीच बोलते, आणि अलीकडे तर पुटपुटते. जेवताना काहीतरी म्हणाली. मी म्हणालो, "स्पष्ट बोल." तेव्हा तिने घास ताटात ठेवला, मान वर केली आणि एकेक शब्द सुटा करून म्हणाली, "अजी, मैं बोली, तुमे अकेले जंगल में नक्को जाव."

"एकटा कुठे? गाडीभर माणसे असतील."

"वोइच तो बोल री मैं," ती म्हणाली.

यात तर्क कोणता, ते मला कळले नाही.


शनिवार, ५ ऑक्टोबर

पाहणीसाठी गौताळ्यात जाऊन आलो. वाटाड्या म्हणून अंगद नेमला आहे. अभयारण्याच्या कडेच्या वस्तीवरचा, मेंढपाळाच्या घरचा. चालतो उत्तम, बोलतो फार. सतत सुपारी चघळतो, तीही बंद करवली.

एक गोष्ट मला अस्वस्थ करते आहे. मुरुडशेंगेला लाल फुले आली आहेत. या दिवसांत त्या झुडपांवर शिंजिरांचा नुसता गलका असतो. हा अंगठ्याएवढा पक्षी आपल्या आकाराला न शोभणारा आवाज करतो. आज शिंजीर होते, पण मुके. दुर्बिणीतून नीट पाहिले. चोच उघडते, गळा थरथरतो, आणि आवाज नाही. एक नव्हे, अनेक पक्षी. चष्मेवाल्या पक्ष्यांचा थवा डोक्यावरून गेला, तोही निःशब्द. सागाच्या झाडांवरची किड्यांची किरकिर थांबलेली. भारद्वाज तेवढा दरीत घुमत होता, होले घुमत होते.

अंगदला विचारले, तर म्हणाला, "लई बोलतंय की सर ते. सकाळपसून डोकं उठिवलंय."

ज्यांनी निरीक्षणाचे शिक्षण घेतलेले नाही, त्यांना जे नेहमी ऐकू येते तेच आजही ऐकू येते. मी वाद घातला नाही.


रविवार, १३ ऑक्टोबर

पहिली सहल यशस्वी झाली. शौकतच्या हट्टाखातर वाटेवरच्या देवळापाशी मी डोळे मिटून उभा राहिलो आणि जे जे ऐकू येईल ते सांगत गेलो. दरीच्या पलीकडे मोर. त्याच्या डावीकडे भारद्वाज. फार लांब, वाळक्या झाडावर पिंगळा. सगळे दुर्बिणी लावून पाहतात तो खरेच पिंगळा. टाळ्या वाजल्या. शौकतने चित्रीकरण केले.

"सरांचं काय सांगता," अंगद पाहुण्यांना म्हणाला. "मुंगी चालली तरी ऐकू येती त्यांला."

हा अडाणी अतिशयोक्तीचा प्रकार मला आवडत नाही, पण मी त्याला टोकले नाही.

एका शाळकरी मुलीने मात्र अगदी जवळच्या फांदीकडे बोट करून विचारले, "आणि हा कोणता ओरडतोय?" फांदीवर वटवट्या बसला होता, चोच वासून. मी म्हणालो, तो ओरडत नाही, ऊन लागल्यामुळे धापा टाकतो आहे. मुलगी आईकडे पाहून हसली. हल्लीच्या मुलांना उत्तर पटले नाही तर हसण्याची सवय लागली आहे.


गुरुवार, २४ ऑक्टोबर

'मुके होत चाललेले अरण्य' हा माझा लेख रविवारच्या पुरवणीत आला. लहान पक्ष्यांनी गौताळ्यात आवाज करणे थांबवले आहे, आणि ही एखाद्या मोठ्या संकटाची चाहूल असू शकते, असे मी त्यात मांडले आहे. तेव्हापासून दूरध्वनी येत आहेत. एका तरुण संशोधकाने विचारले, "सर, ध्वनिमुद्रण केलंत का?" मी उत्तर दिले, "ध्वनिमुद्रण कानांना पर्याय म्हणून असते. माझे कान शाबूत आहेत." तो पुढे काही बोलला असावा, पण या नव्या फोनमध्ये आवाज बोचकेभर कापूस कोंबल्यासारखा येतो.

मनगटी घड्याळाचा गजरही वाजत नाही. गुलमंडीतल्या दुकानदाराने सेल बदलला, घड्याळ स्वतःच्या कानाला लावले आणि म्हणाला, "हे काय, वाजतंय की चांगलं." माझ्या तोंडावर इतके धडधडीत खोटे बोलण्याचे धारिष्ट्य व्यापाऱ्यांतच असते. मी घड्याळ तिथेच ठेवून आलो.


रविवार, १० नोव्हेंबर

आज सहल नव्हती. जमिलाने मला न विचारता कानाच्या डॉक्टरांकडे नाव नोंदवले होते. कारण काय, तर काल कुकरच्या शिट्ट्या होऊन होऊन डाळ करपली आणि मी शेजारच्या खोलीत वाचत बसलो होतो. वाचनात गढलेल्या माणसाला कुकर ऐकू येत नाही, हा दोष वाचनाचा की कानांचा?

"दिखाने में क्या जाता?" ती म्हणाली.

"ज्या अवयवावर मी आयुष्यभर पोट भरले, त्याची परीक्षा काल पास झालेले पोर घेणार?"

तिने नावनोंदणीची चिठ्ठी माझ्या पुस्तकावर ठेवली. मग नेहमीप्रमाणे पाठ वळवून पुटपुटली. पाठ वळवून बोलण्याची ही पद्धत मला अपमानास्पद वाटते, आणि मी तसे सांगितले.


रविवार, १७ नोव्हेंबर

गौताळ्यात जाणे आता मला जड वाटू लागले आहे. हे मी दुसऱ्या कोणाजवळ बोलणार नाही.

पूर्वी मी त्या रानात शिरत असे, तेव्हा रान मला आधी ऐकू येई आणि मग दिसे. आता ते फक्त दिसते. पाने हलतात आणि सळसळत नाहीत. पाचोळ्यावरून माणसे चालतात आणि पाचोळा गप्प असतो. आपल्याला पाहून सगळ्यांनी एकदम बोलणे थांबवावे, तशी ही शांतता आहे. आज मागे चालताना मला दोनदा वाटले की कोणीतरी माझ्या अगदी पाठीशी आहे. वळून पाहिले तेव्हा एकदा कोणी नव्हते, आणि एकदा खरेच एक गृहस्थ होते. ते म्हणाले, "सर, मी कधीचा हाक मारतोय." मी रागावलो. रांगेत शेवटी मी असायचे, हा नियम त्यांनी मोडला होता.

अंगद सांगतो की बिबट्याची मादी पिलांसह घोरपडीच्या घळीत उतरली आहे. घळीच्या वरची वाट टाळावी का, असे शौकतने विचारले. मी नको म्हणालो. बिबट्या हलला की वानर खाकरते, आणि वानराचे खाकरणे मला कोसावरून कळते.


रविवार, ८ डिसेंबर

हे मी वनखात्याच्या नाक्यावर, शौकतच्या गाडीत बसून लिहीत आहे. सूर्य डोंगराआड गेला आहे. एक मुलगी मागे राहिली आणि अजून सापडलेली नाही. घटना जशी घडली तशी लिहून ठेवणे अगत्याचे आहे.

मुलीचे नाव सायली. वाळूजच्या कारखान्यात अभियंता आहे. तिच्यामुळे सकाळी गाडी उशिरा सुटली, कारण ती रात्रपाळी करून थेट आली होती. मी सर्वांसमक्ष म्हणालो, "शिस्त मोडणाऱ्याला परत आणण्याचे बंधन माझ्यावर नाही. त्याला जंगलातच ठेवून येऊ." सगळे हसले. तीही हसली. कपडे मात्र तिने नियमाप्रमाणे घातले होते, शेवाळी सदरा आणि मातकट ओढणी. त्याबद्दल मी तिचे कौतुकही केले.

दुपारी परतताना घोरपडीच्या घळीवरच्या वळणापाशी ती माझ्याजवळ येऊन थांबली आणि खुणेनेच म्हणाली की तुम्ही पुढे चला. कारण विचारण्याचा प्रश्न नव्हता. अशा वेळी पुरुषांनी पाठ करून पुढे जावे, वळून पाहू नये आणि नंतर चौकशीही करू नये, ही आपल्याकडची रीत आहे. मी ती पाळली. वळण ओलांडून मी माझ्या गतीने चालत राहिलो. ती मागून येऊन बायकांत मिसळली असेल, असे गृहीत धरले. बायकांत ती आहे का, हे निरखून पाहणेही प्रशस्त वाटले नाही.

देवळापाशी अंगदने डोकी मोजली आणि एक कमी भरले.

"म्या पळत जाऊन बघून येतो, सर," तो म्हणाला.

"वाटाड्याने गट सोडायचा नाही. बिबट्याची मादी याच अंगाला आहे, असे तूच सांगितलेस. मी जातो."

मी वळणावर परत गेलो. ती तिथे नव्हती. वाटेच्या कडेला दगड निसटल्याची खूण दिसली, परंतु अशा खुणा तिथे पुष्कळ आहेत. मी श्वास रोखून उभा राहिलो. इतकी शांतता मी आयुष्यात अनुभवलेली नाही. एकदा खालच्या करवंदीच्या जाळीत काही हलल्यासारखे वाटले. निरखून पाहिले, पाने होती. मी पुन्हा कान दिले. शिट्टी नाही. हाक नाही. कण्हणे नाही. याचा अर्थ स्पष्ट होता. मुलगी तिथे नव्हती. कंटाळून किंवा सकाळच्या बोलण्याचा राग धरून ती खालच्या गाडीवाटेने कन्नडच्या रस्त्याकडे निघून गेली असावी.

मी परत आलो आणि तसे सांगितले. अंगदला घळीत उतरून पाहायचे होते. शौकत म्हणाला, "अरे, सरांनी कान देऊन ऐकलंय. सर म्हणाले नाही, म्हणजे नाही." अंगदलाही ते पटले. तेव्हापासून सगळे, वस्तीवरची माणसे आणि वनरक्षक, खालच्या वाटेवर आणि रस्त्याच्या कडेने शोधत आहेत. पोलिसांना कळवले आहे. थंडी पडू लागली आहे.

शिट्टी वाजलेली नाही, याची मी खात्री देतो.


सोमवार, ९ डिसेंबर

सापडली. जिवंत आहे.

फटफटताच अंगद कोणाला न सांगता घळीत उतरला. ती करवंदीच्या जाळीमागे होती, वळणापासून हाकेच्या अंतरावर. पाय घसरून पडली होती. उजव्या पायाचे हाड बाहेर आले होते, बरगड्यांना मार होता, श्वास पुरत नसल्यामुळे तिला ओरडता येत नव्हते. तिला झोळीतून वर आणले तेव्हा मी पुढे झालो. तिने माझ्याकडे पाहिले आणि डोळे मिटून घेतले.

नंतर शौकतने मला बाजूला घेतले.

"सर, ती म्हणते, सर आले होते."

"आलो होतोच."

"ती म्हणते, सर वर उभे होते. मी शिट्टी वाजवत होते. सरांनी सरळ माझ्याकडं बघितलं, आणि निघून गेले." त्याने खाली पाहिले. "म्हणते, मग मी वाजवायची सोडून दिली."

आघाताने माणसाला भास होतात. मी शौकतला तसे सांगितले. वेदना आणि थंडी यांत घटनांचा क्रम बिघडतो, कल्पना आणि आठवण यांतला भेद पुसला जातो. तिने शिट्टी वाजवली असेल, पण मी गेल्यानंतर. किंवा वाजवायचा विचार केला असेल आणि वाजवली असे वाटले असेल.

घरी येऊन जमिलाला सगळे सांगितले. ती उठली. आतल्या खोलीत गेली आणि दार लावून घेतले. मी दारापाशी उभा राहिलो. आत ती रडत असावी असे मला वाटले, पण काही ऐकू आले नाही.


बुधवार, ११ डिसेंबर

गावभर बोलले जाते की म्हाताऱ्या प्राध्यापकाने राग धरून मुलीला मरायला सोडले. मी गाडीत काढलेले ते वाक्य सर्वांना पाठ आहे. सायलीच्या मामांनी पोलिसांत अर्ज दिला आहे. पोलिसांनी माझा जबाब घेतला. मी जबाबातील शुद्धलेखनाच्या चुका दुरुस्त करून सही केली.

शौकत संध्याकाळी आला. "सर, मी तुमच्या बाजूनंच बोलीन. पण मला एकट्याला खरं सांगा. राग आला होता का?"

"शौकत, तू माझा विद्यार्थी आहेस."

"म्हणून तर विचारतोय. सर, दोनच गोष्टी होऊ शकतात. एकतर पोरीनं शिट्टी वाजवलीच नाही. नाहीतर वाजवली आणि तुम्ही..."

स्वयंपाकघराच्या दारातून जमिला काहीतरी बोलली. शौकतने चमकून तिच्याकडे पाहिले, मग माझ्याकडे, मग बराच वेळ माझ्या कानांकडे. चहा अर्धा ठेवून तो उठला.

मी जमिलाला विचारले, काय म्हणालीस? ती म्हणाली, काही नाही.


शुक्रवार, १३ डिसेंबर

मुलीचा उजवा पाय गुडघ्याखाली काढावा लागला. वेळेवर आणली असती तर वाचला असता, असे डॉक्टरांनी तिच्या आईला सांगितले.


रविवार, १५ डिसेंबर

आरोप फेटाळण्याचा शास्त्रीय मार्ग एकच असतो. मी वनखात्याची परवानगी घेतली आणि अंगद व शौकत यांना घेऊन गौताळ्यात गेलो. जमिलाने येण्याचा हट्ट धरला. मी तिला नाही म्हणालो नाही.

प्रयोग साधा होता. अंगदने करवंदीच्या जाळीमागे, मुलगी पडली होती त्याच जागी बसायचे आणि तशीच शिट्टी वाजवायची. मी वळणावर, त्या दिवशी उभा होतो तिथेच उभा राहायचे. घळीच्या रचनेमुळे खालचा आवाज वर पोहोचतच नाही, हे मला सिद्ध करायचे होते. त्यात मुलीचा खोटेपणा नव्हता आणि माझाही नव्हता. दोष कातळाचा होता. असे सिद्ध झाले असते तर सर्वांचीच सुटका झाली असती. रात्रभर विचार करून मी हा निष्कर्ष आधीच काढून ठेवला होता. माझ्या एखाद्या विद्यार्थ्याने असे केले असते, तर मी त्याला प्रयोगशाळेबाहेर काढले असते.

अंगद खाली गेला. मला तो या वेळी दिसला, कारण त्याचा सदरा पांढरा होता. मी हात वर केला. त्याने शिट्टी तोंडात धरली.

काही ऐकू आले नाही.

मी समाधानाने जमिलाकडे वळलो. तिने दोन्ही कानांवर हात दाबून धरले होते. शौकतचा चेहरा आक्रसला होता. पलीकडच्या सालईच्या झाडावर वानरांची टोळी होती. सगळी वानरे एकाच वेळी घळीकडे पाहू लागली. मी पुन्हा खाली पाहिले. अंगदचे गाल फुगत होते, बसत होते, पुन्हा फुगत होते.

शिंजीर चोच उघडतात, गळा थरथरतो, आणि आवाज नाही. हे वाक्य मीच लिहिले आहे.

मी म्हणालो, "थांबव त्याला." शौकतने हाक मारली. ती हाक मला नीट ऐकू आली, त्याचा आवाज जाड आहे म्हणून. जमिलाने माझा हात धरला. वाटेवर सर्वांसमोर तिने माझा हात धरण्याची ही पहिलीच वेळ असावी. मी सोडवून घेतला नाही.

प्रयोग फसला, असे लिहिणार होतो. ते चूक आहे. प्रयोग यशस्वी झाला.


बुधवार, १८ डिसेंबर

कानांची तपासणी झाली. तपासणारी डॉक्टर तरुण होती. मी तिच्या ओठांकडे पाहत होतो आणि मला कळले की मी किती दिवसांपासून सगळ्यांच्या ओठांकडे पाहतो आहे. कागदावरची रेषा सुरुवातीला सपाट जाते आणि मग कडा संपावा तशी खाली कोसळते. जाड आवाज मला तरुणांइतके ऐकू येतात. बारीक आवाज उरलेलेच नाहीत. कधीपासून, असे विचारल्यावर ती म्हणाली, "काही वर्षं तरी. घरात कुणाच्या लक्षात आलं नाही का?"

जमिला शेजारीच बसली होती. तिने पदर सावरला.

वर्तमानपत्राला पत्र पाठवले. लेख मागे घेत आहे; त्यातील निरीक्षण अरण्याचे नसून लेखकाचे आहे, असे कळवले. पोलिसांनाही नवा जबाब दिला. शौकत म्हणाला, वकिलाचा सल्ला आहे की शिट्टीच खराब होती असे सांगावे, म्हणजे सगळेच सुटतील.

"शिट्टी उत्तम होती," मी म्हणालो.

"सर, पण तुमचे एवढे व्हिडिओ आहेत लोकांपुढं. आता बहिरे म्हटल्यावर..."

"आता बहिरा म्हटल्यावर काय?"

तो गाडीची किल्ली उचलून निघाला. त्याला काय म्हणायचे होते, ते मला कळले नाही.


रविवार, २२ डिसेंबर

आज इस्पितळात गेलो. जमिला बरोबर होती. काय बोलायचे ते मी पाठ करून ठेवले होते. त्यात क्षमेची मागणी नव्हती, कारण ज्याची भरपाई होत नाही त्याची क्षमा मागणे म्हणजे समोरच्यावर आणखी एक ओझे टाकणे. मला मुलीला एवढेच सांगायचे होते की मी तिला सोडून गेलो नाही. त्या घळीत पडून तिने मला पाठमोरा जाताना पाहिले, आणि ज्या विचाराने तिने शिट्टी तोंडातून काढली, तो विचार खरा नव्हता. मी तिला पाहिले नाही. मी तिला ऐकले नाही. पाय गेलाच आहे; निदान तो विचार तरी तिच्याजवळ राहू नये.

सायलीच्या आई, रत्नमालाबाई, वैजापूरहून आलेल्या आहेत. त्यांनी मला आत येऊ दिले. खुर्ची दिली नाही. मुलगी खिडकीकडे तोंड करून पडली होती. मी उभ्याने बोललो. एक शब्दही न चुकता बोललो. मग तपासणीचा कागद पुढे केला.

रत्नमालाबाईंनी कागद घेतला नाही. त्या माझ्यासमोर येऊन उभ्या राहिल्या, म्हणून मला त्यांचे सगळे बोलणे कळले.

"सर, लेकीनं तुमचे व्हिडिओ दाखिवले व्हते मला. जायच्या आदल्या दिशी. म्हणली, आई, भिऊ नको, ह्या सरांबरोबर चाललेय. डोळे मिटून सांगत्यात, कोणतं पाखरू कुठं बोलतंय. लांबचं पाखरू ऐकू आलं तुम्हाला. आन माझ्या लेकीची शिट्टी ऐकू आली नाय व्हय?"

"जाड आवाज ऐकू येतात. बारीक येत नाहीत. यात लिहिले आहे."

"लिव्हलंय. शिकल्यालं माणूस काय बी लिवून आणतंय." त्यांचा आवाज चढला नाही. "रागाच्या भरात चुकी झाली म्हणला असता, तर एखादे येळेस ऐकून घेतलं असतं मी. पण आता पोरीपुढं हे सोंग नका आणू."

मी जमिलाकडे पाहिले. ती म्हणाली, "बेहेन, ये सच्ची बोल रे." रत्नमालाबाई म्हणाल्या, "तुम्ही त्यांच्या मालकीण. तुम्ही काय दुसरं बोलणार?"

मी ज्या प्रकारचा पुरावा जन्मभर मागत आलो, तो आणून दिला होता, आणि तो समोरच्या माणसाला माझ्या कीर्तीपेक्षा हलका वाटत होता. त्या कीर्तीवर मीच दोन महिने टाळ्या घेतल्या होत्या.

तेवढ्यात सायलीने मान वळवली. चादरीखालचा पाय जिथे संपतो तिथे चादर एकदम सपाट झालेली होती, आणि मी तिकडे पाहण्याचे टाळत होतो. म्हणून मी तिच्या चेहऱ्याकडे पाहिले. ती बोलू लागली. बरगड्या अजून दुखत असाव्यात, ती फार हळू बोलत होती. मी पुढे वाकलो. तिचे ओठ इतके कमी हलत होते की त्यांवरून काही वाचता येईना. ती थांबली. माझ्या उत्तराची वाट पाहत राहिली. मी म्हणालो, "बाळ, मला ऐकू आले नाही. पुन्हा सांगशील का?"

तिने माझ्याकडे पाहिले. मग आईकडे. आणि तोंड पुन्हा खिडकीकडे केले.

रत्नमालाबाईंनी दार उघडले.

बाहेर व्हरांड्यात आम्ही दोघे बाकावर बसलो. मी जमिलाला विचारले, "काय म्हणाली ती?"

जमिला माझ्यासमोर येऊन उभी राहिली, चेहरा उजेडाकडे करून. आजकाल ती असेच बोलते, एकेक शब्द वेगळा ठेवून.

"कुछ नहीं बोली," ती म्हणाली.

मुलगी बराच वेळ बोलत होती. ते मी पाहिले होते. मी पुन्हा विचारले नाही.